बॅरेक मोडकी दिसायला हवी

घर वाईट कसं दिसेल, यावर विचार करायला दोंद्यांच्या घरात शनिवारी संध्याकाळी बैठक बसली, ही गोष्ट पुढे कॅम्प पाचमध्ये बरेच दिवस चघळली गेली. होतीच ती चघळण्यासारखी. चौदा एप्रिल जवळ आला की ज्या घरात चुना निघतो, कौलन् कौल तपासलं जातं, छपराखालच्या कैच्यांच्या लाकडाला तेल पाजलं जातं, त्याच घरातली माणसं आता बादल्या कुठे ठेवल्या म्हणजे छप्पर गळतंय असं वाटेल, यावर डोकं खाजवत होती. तेही फेब्रुवारी महिन्यात.

बैठकीचा अध्यक्ष अर्थात नरेंद्र. शिवरामअण्णांचा हा मुलगा बँकेत होता आणि कुठलीही गोष्ट मुद्देसूद मांडल्याशिवाय त्याला जेवण पचत नसे. मुद्दा साधा होता. महानगरपालिका शहरातल्या जपायच्या जुन्या इमारतींची यादी करत होती. लढाईच्या काळात इंग्रजांनी सैनिकांसाठी बांधलेल्या बॅरेकींपैकी एक तरी त्यांना यादीत हवी होती. आसपासच्या बॅरेकींच्या जागी केव्हाच बिल्डिंगी झाल्या होत्या. धड उभी राहिली होती ती हीच, अर्धी दोंद्यांची आणि अर्धी शेजारच्या झमटमल पापडवाल्यांची. वारसा समितीच्या मॅडम उद्या सकाळी बघायला येणार होत्या. एकदा यादीत नाव लागलं की बाहेरची वीट हलवायची नाही. मग बिल्डरनं कबूल केलेली सात मजली बिल्डिंग आणि तिच्यातला चौथ्या मजल्यावरचा अण्णांचा ब्लॉक, दोन्ही गेलं पाण्यात.

"मोडकळीला आलेली आणि फार बदल झालेली इमारत ते घेत नाहीत," नरेंद्र म्हणाला. "तेव्हा बॅरेक मोडकी दिसायला हवी. एवढंच करायचंय."

अण्णांनी मान डोलावली. आयुष्य अंबरनाथच्या कारखान्यात काढलेल्या माणसानं बिघडवण्याच्या कामाला मान डोलावलेली बघून अंजनाबाईंनी नवऱ्याकडे जरा निरखून पाहिलं.

खरं तर हे सगळं राजरत्नमुळे सुरू झालं होतं. नरेंद्रचा हा मुलगा मुंबईला आर्किटेक्चर शिकत होता. दिवाळीच्या सुट्टीत त्यानं हौसेनं बॅरेकीचे फोटो काढले, कॉलेजात दाखवले आणि ते फिरत फिरत समितीच्या टेबलावर गेले. तेव्हापासून अण्णा नातवाशी बोलत नव्हते. म्हणजे बोलत, पण भिंतीकडे बघून. चहा हवा असेल तर घ्यावा म्हणावं. कुणाला बाहेर जायचं असेल तर किल्ली घेऊन जावी म्हणावं. भिंत हे सगळं निमूट ऐकून घेई आणि राजरत्न किल्ली घेऊन जाई. त्याची आई भावना तोंडानं नवऱ्याच्या बाजूला आणि मनानं मुलाच्या बाजूला होती. जीन्सच्या कारखान्यात पन्नास शिलाईवाल्यांवर सुपरवायझर असल्यामुळे दोन्हीकडे हो म्हणायची तिला सवय होती.

बैठक संपत आली तेव्हा झमटमल स्वतः हातगाडी ढकलत मागच्या दारी आले. गाडीवर फाटकी ताडपत्री, गंजके पत्रे आणि पाय मोडलेला कूलर.

"साईं, एकदम कंडम माल आहे," ते अण्णांना म्हणाले. "गॅरंटी देतो."

मग अंधार पडायच्या आत सगळ्यांनी मिळून घराची रया घालवली. ताडपत्री पुढच्या पडवीवर चढली. नरेंद्रनं छपरावर जाऊन चार कौलं सरकवली. स्वयंपाकघराच्या भिंतीला काजळी फासली, पडदे काढून गोणपाट लावले, कूलर दारात आडवा टाकला. फक्त बाहेरच्या खोलीतल्या फोटोंच्या भिंतीला कुणी हात लावला नाही. लावायचा नाही असंही कुणी म्हटलं नाही. काम झाल्यावर नरेंद्र रस्त्यावर उभा राहून बघून आला आणि खूश होऊन म्हणाला, की आपणच ओळखणार नाही असं घर झालंय.

अंजनाबाई सकाळी उठल्या आणि त्यांनी खरंच ओळखलं नाही.

चुलीवर, म्हणजे गॅसवर, चहा ठेवून त्या ओट्याशी उभ्या राहिल्या. समोर काजळी. वर गोणपाट. या घरात नव्यानं आल्या तेव्हाची एक गोष्ट त्यांना आठवली. कसल्याशा पाहणीसाठी एक बाई आल्या होत्या. अंजनाबाईंनी खुर्ची पुढे केली. बाईंनी बसायच्या आधी पर्समधून रुमाल काढला आणि खुर्ची पुसली. खुर्ची स्वच्छ होती. सकाळीच पुसलेली होती. बाई निघून गेल्यावर अंजनाबाई दिवसभर कुणाशी बोलल्या नव्हत्या. त्यानंतर या घरात आलेल्या कुठल्याही माणसाला खुर्ची पुसायची बुद्धी होऊ नये, एवढी काळजी त्यांनी जन्मभर घेतली होती.

आणि आज मॅडम येणार, आणि हे बघणार, आणि बाहेर जाऊन म्हणणार की ही माणसं अशीच राहतात.

'ओटा तेवढा पुसते,' त्यांनी स्वतःला सांगितलं. ओट्याला लागून भिंत होती, म्हणून भिंत पुसली. भिंत लख्ख झाल्यावर लादी मळकी दिसायला लागली. भावना तोंड धुवायला आली तेव्हा सासूबाई गुडघ्यांवर बसून साबणाचं पाणी खराट्यानं लोटत होत्या. दोघींनी एकमेकींकडे बघितलं.

"यांनी बघितलं की ओरडतील, आई," भावना हळूच म्हणाली.

"तो आंघोळीला गेलाय. तासभर काही येत नाही."

भावनानं पदर खोचला. आपण फक्त पडदे लावू, असं तिनं ठरवलं. गोणपाट लावलेल्या खिडकीखाली मॅडमना चहा देणं तिला कसंसंच वाटत होतं. पडदे लावले, मग पलंगावर धुतलेली चादर, मग बादल्या उचलून मोरीत. मुलाच्या बाजूनं आपण काही करतोय असं तिच्या मनातही नव्हतं. घरी पाहुणे येणार म्हणून जे करतात तेच ती करत होती.

नरेंद्र केस पुसत बाहेर आला आणि दारातच थांबला. खोली चकचकत होती. ओरडायला त्यानं तोंड उघडलंही, पण तेवढ्यात त्याचं लक्ष फोटोंच्या भिंतीकडे गेलं. काल काजळी फासून येताना कुणाचा तरी हात लागला असावा, फोटोंच्या शेजारी काजळीचा एक पंजा उमटला होता. ते काही त्याला बघवलं नाही. त्यानं खांद्यावरचा टॉवेल काढला आणि तो डाग पुसायला लागला. डाग गेला, पण त्या जागी भिंत पांढरी आणि आजूबाजूला कळकट दिसू लागली. शेवटी बँकेतल्या माणसानं डबा उघडून चुन्याचा एक हात मारला.

"तू पण?" आई म्हणाली.

"एवढाच कोपरा," तो म्हणाला. "बाकी प्लॅन तसाच आहे. छप्पर गळकं आहे ना? पुरे तेवढं."

छप्पर गळकं नव्हतं. अण्णा पहाटेच वर चढले होते.

त्यांचं म्हणणं असं, की नुसतं बघायला चढलो. सरकवलेली कौलं नीट सरकवली आहेत का, एवढंच बघायचं होतं. पण कौल सरकलं की खालच्या रिपेला ऊन लागतं, दव लागतं, आणि लाकूड एकदा फुगलं की फुगलं. चार कौलं जागेवर बसली. मग पडवीवरच्या ताडपत्रीकडे बघून त्यांना वाटलं, हिच्या वजनानं कडेची कौलं फुटायची. ती काढायला एक माणूस कमी पडत होता. खाली अंगणात राजरत्न दात घासत उभा राहून गंमत बघत होता.

"कुणी मोकळं असेल तर शिडी धरावी म्हणावं," अण्णा धुराड्याला म्हणाले.

राजरत्ननं शिडी धरली. ताडपत्रीची घडी करून अण्णा उतरले तेव्हा नातू ओठ दाबून हसत होता. अण्णांनाही हसू येत होतं, पण भांडण चालू असल्यामुळे ते त्यांनी मिशीत ठेवलं.

अकरा वाजता समितीच्या कुंदा मॅडम रिक्षातून उतरल्या तेव्हा बॅरेक जयंतीच्या दिवशी दिसते त्याहूनही चांगली दिसत होती. मोडकं असं एकच उरलं होतं, दारातला कूलर. त्यावर धुतलेला पायजमा-सदरा घालून झमटमल बसले होते, त्यामुळे तोही बाकासारखा दिसत होता.

मॅडम साध्या निघाल्या. खुर्ची पुढे केली तशा पटकन बसल्या. अंजनाबाईंचं सगळं लक्ष त्यांच्या पर्सकडे होतं. पर्समधून चष्मा निघाला, पेन निघालं. रुमाल निघाला नाही. अंजनाबाई आत गेल्या आणि चहात दोन चमचे साखर जास्त पडली.

मग मॅडम घरभर फिरल्या. मान वर करून कैच्या बघितल्या, भिंतीवर हात फिरवला. ही एवढी कुणी सांभाळली, असं त्यांनी विचारलं आणि नरेंद्रनं डोळे मिटले. कारण आता काय होणार ते त्याला ठाऊक होतं. अण्णांनी सुरुवात केली आणि ते थांबेचनात. तेल कुठलं, चुन्यात डिंक किती, मागच्या कैचीचा पाय कुजला तेव्हा रविवारी कारखान्यातले दोस्त कसे जमले. यातलं निम्मं काम झमटमलनी केलं होतं हे सांगायचं ते विसरले, म्हणून झमटमलनी दारातून आठवण करून दिली. वीस मिनिटांत अण्णा आणि झमटमल यांनी मिळून बॅरेक यादीत घातलीच म्हणायची.

मॅडमनी टिपण वाचून दाखवलं. लष्करी छावणी, दुसरं महायुद्ध, इतकी लांबी, इतकी रुंदी, सैनिकांची निवासव्यवस्था.

"सैनिक किती वर्षं होते?" राजरत्ननं विचारलं.

"तीन-चार असतील."

"मग आम्ही आणि झमटमलकाका? त्याचं काहीच नाही यात."

बरोबर आहे, असं मॅडम म्हणाल्या आणि टिपणाच्या खाली त्यांनी लिहून घेतलं. अण्णांनी नातवाकडे सरळ बघितलं. दिवाळीनंतर पहिल्यांदाच.

"आता शेवटचं," मॅडम म्हणाल्या. "तुमची संमती असेल तरच मी नावाची शिफारस करणार. राहत्या घराच्या बाबतीत आम्ही जबरदस्ती करत नाही. कुणाची हरकत आहे का?"

सगळे नरेंद्रकडे बघायला लागले. त्यानं भाषण तयार केलं होतं. त्यात गळकं छप्पर होतं, पडकी भिंत होती, जिवाला धोका होता. त्यानं छपराकडे बघितलं, भिंतीकडे बघितलं, आणि तो बोटांना लागलेला चुना नखानं खरवडायला लागला.

"माझी हरकत आहे," अण्णा म्हणाले.

आवाज वेगळाच होता. आत भावना चहाचे कप विसळत होती ती थांबली.

"गावाला आमची वस्ती उताराला," अण्णा म्हणाले. "वरच्या आळीची अंघोळ झाली, भांडी झाली, गुरं धुऊन झाली, की ते पाणी आमच्या दारातून जायचं. आई त्याच्यावर फळी टाकायची, फळीवरून आम्ही शाळेत. मग नोकरी लागली, इथं आलो. जागा मिळाली ती कॅम्पाच्या खालच्या टोकाला. मागं नाला. पहिल्या पावसाळ्यात दारात पाणी आलं तेव्हा हिला म्हटलं, घाबरू नको, ओळखीचंच आहे." ते जरासे हसले. "घर मी जपलं. जपायलाच पाहिजे, आपलं होतं. पण मॅडम, मरायच्या आधी मला एकदा अशा घरात राहायचंय, जिथं दुसऱ्याचं पाणी माझ्या दारात येणार नाही. म्हणून मला चौथा मजला पाहिजे. दुसरं काही नाही."

हे कुणालाच माहीत नव्हतं. अण्णांना ब्लॉक हवाय तो आपल्यासाठी, राजूच्या लग्नासाठी, असं नरेंद्र धरून चालला होता. त्यासाठीच तर त्यानं जिवावर उदार होऊन कौलं सरकवली होती. आणि शिवरामभाऊला हवंय म्हणून झमटमल बिल्डरला हो म्हणाले होते. त्यांना स्वतःला, दोन्ही गुडघे गेलेल्या माणसाला, चौथा मजला काय कामाचा?

राजरत्नचा चेहरा उतरला. त्याला एकदम फार वाईट वाटलं. हे लाकूड, हा चुना, हे सगळं त्याला सुंदर वाटत आलं होतं, आणि आजोबा इतकी वर्षं खाली वाहणाऱ्या पाण्याकडे बघत होते.

"मॅडम, नाव काढून टाका," तो म्हणाला. "माझ्या फोटोंमुळे आलं होतं, मीच सांगतो. आजोबांना नको असेल तर नको."

"राजू, तू गप," अण्णा म्हणाले. भिंतीला नव्हे, त्याला.

मॅडमनी पेन उचललं. ते कागदाला टेकायच्या आत अंजनाबाई पुढे आल्या. एरवी पाहुण्यांसमोर त्या दाराच्या पुढे येत नसत.

"थांबा हो बाई. मला कुणी विचारलंय का?" त्या नवऱ्याकडे वळल्या. "इतकी वर्षं संसार केला, हे एकदा तरी बोललात मला? बोलला असतात तर केव्हाच गेलो असतो. माणसाला वर राहायचंय तर माणूस वर जाईल. घर कशाला पाडायचं?"

"आई, जरा शब्द सांभाळून," नरेंद्र पुटपुटला.

"मी पण जाते बरोबर. मग तर झालं?"

"कुठं जाणार तुम्ही?"

उत्तर दारातल्या कूलरवरून आलं. झमटमलच्या मेहुण्याचा बेलवलीला ब्लॉक होता. चौथा माळा, वर थेट गच्ची. मेहुणा पुण्याला गेल्यापासून कुलूप. भाड्याचं आपण बघून घेऊ, घरातलीच गोष्ट आहे. फक्त लिफ्ट नाही, आणि त्यामुळे आपण स्वतः काही यायचे नाही, तेव्हा पापड कुणाला तरी न्यायला पाठवावं लागेल, हे त्यांनी आधीच सांगून ठेवलं.

नरेंद्र हादरला. मुलगा धडधाकट असताना आईबाप भाड्याच्या घरात? लोक म्हणतील, मुलानं घराबाहेर काढलं. सुनेनं काढलं म्हणतील, भावना आतून म्हणाली, नेहमी सुनेचंच नाव घेतात. ऑफिसात तोंड कसं दाखवायचं, समाजात काय सांगायचं, बेलवलीला आपली माणसं आहेत ती विचारतील, असं नरेंद्र बोलतच राहिला.

"सांग त्यांना, म्हातारा-म्हातारी पळून गेली," अंजनाबाई म्हणाल्या.

पहिल्यांदा हसल्या त्या मॅडम. मग राजरत्न, मग झमटमल इतके हसले की कूलरचा उरलेला पाय मोडला आणि त्यांना उठवायला तिघं लागले. या गडबडीत अण्णा मात्र बायकोकडे बघत उभे होते. ती पन्नाशीत असल्यासारखी दिसत होती, त्यांना वाटलं. हिला विचारायला हवं होतं. खूप आधी विचारायला हवं होतं.

"चार जिने आहेत," ते तिला म्हणाले.

"मग? तुम्हाला जमेल ना?"

अण्णांनी संमतीची सही केली ती उभ्यानंच.

सामान टेम्पोतून गेलं मार्चमध्ये. नरेंद्र आधी दोन दिवस अबोला धरून होता, मग त्यानंच नळाचे वॉशर बदलून दिले, आणि निघताना जिन्यात उभा राहून रडला. भावनानं नव्या पडद्यांचं कापड कारखान्यातून आणलं होतं, शिवूनच आणलं होतं. राजरत्न रविवारी येणार म्हणून सांगून गेला आणि शनिवारीच आला.

त्या घरातली पहिली सकाळ अण्णांनी गॅलरी धुण्यात घालवली. घराला कुलूप असताना कबुतरांनी ती बरीच वापरली होती. कारखान्याच्या शिस्तीनं आधी खरवडून, मग सोडा टाकून, मग बादलीनं. समोर बेलवलीची छपरं, पलीकडे डोंगर, वारा. कडेच्या भोकातून पाणी खळखळत बाहेर पडलं आणि दिसेनासं झालं. अण्णा बघत राहिले. ते पाणी आपल्याकडून जात होतं. कुठूनही येत नव्हतं. त्यांना हसू आलं आणि मग आवरेना. स्वयंपाकघरातून अंजनाबाईंनी विचारलं, की काय झालं एकटंच हसायला.

"ओ वरचे!" खालून हाक आली. "वाळत घातलेल्या कपड्यांवर पाणी पडतंय!"

अण्णांच्या हातातली बादली तशीच राहिली. हसू गेलं. त्यांनी खराटा टेकवला, खांद्यावर कोरडं फडकं टाकलं आणि अंजनाबाई कुठं निघालात विचारेपर्यंत जिना उतरले.

तिसऱ्या मजल्यावरच्या बाईंनी दार उघडलं. तरुण होत्या, कडेवर मूल. नवीन म्हातारे भाडेकरू बघून त्या ओशाळल्या. अण्णा आत जाऊन गॅलरीत बसले आणि लादीवरचं पाणी टिपायला लागले. फडकं पिळायचं, परत टिपायचं. बाई मागे मागे नको नको म्हणत होत्या.

"असू द्या हो, आजोबा. वरच्यांचं पाणी खाली यायचंच. मी आपली उगाच ओरडले."

अण्णांनी फडकं पिळलं. कोपऱ्यात अजून थोडं होतं, तेही टिपलं.

"नाही बाई," ते म्हणाले. "माझं यायचं नाही."